शेपवाले सुभेदार

आमच्याकडे शेप म्हणजे शेपूट. बैलाला असते, मांजराला असते, माणसाला नसते. त्यामुळे सुभेदार फौजेतून निवृत्त होऊन गावी आले आणि तिठ्यावर बसलेल्या एका म्हाताऱ्याला त्यांनी भर दुपारी सांगितले, "बाबानू, तुमचो शेप बिघडलो हा," तेव्हा म्हाताऱ्याने आधी मागे हात लावून बघितला आणि मग काठी उचलली.

तेव्हापासून त्यांचे नाव पडले शेपवाले. समोर सुभेदारसाहेब, पाठीमागे शेपवाले. त्यांना दोन्ही ठाऊक होते आणि दोन्हींचे त्यांना सारखेच काही वाटत नसे. त्यांचा शेप मात्र खरा होता. सैन्यात जवानाच्या तब्येतीला श्रेणी देतात, तिची पाच इंग्रजी अक्षरे आहेत. एस म्हणजे मन, एच म्हणजे कान, ए म्हणजे हातपाय, पी म्हणजे अंगातली एकूण ताकद, ई म्हणजे डोळे. पाचही ठणठणीत असतील तर माणूस शेप वन. एखादे बिघडले की त्या अक्षरापुढचा आकडा वाढत जातो आणि पाचावर गेला की घरी. सुभेदारांची सगळी नोकरी सैन्याच्या वैद्यकीय विभागात गेली, त्यातली बरीचशी डॉक्टरांचे मंडळ बसते त्या खोलीच्या दारात, माणसे आत सोडण्यात आणि बाहेर काढण्यात. घरी आल्यावर दार सुटले, सवय सुटली नाही.

जगातल्या यच्चयावत गोष्टींना त्यांनी श्रेण्या देऊन टाकल्या होत्या. वस्तीची एसटी ए फोर, ई फाइव. टायर गेलेले, एक दिवा मिटलेला. देवळातला गुरव एस वन, कारण मानकऱ्यांची कितीही भांडणे झाली तरी तो घंटा पुसत राही. सरपंच एच फाइव. "लोकांचा तेका कायच आयकाक येणा नाय," असे ते सरपंचाच्या तोंडावर सांगत. भाचीला बघायला आलेल्या मुलाला त्यांनी चहाच्या आधी उकिडवे बसवले, उठवले, पुन्हा बसवले, आणि सगळ्यांदेखत निकाल दिला, "पी टू. वर्सान परत बघूया." लग्न झाले, चांगले चालले आहे, पण त्या घरातून सुभेदारांना पुन्हा जेवणाचे आमंत्रण गेले नाही. त्यांच्या बायकोने नवऱ्याला कायमचा एस फोर देऊन ठेवला होता आणि तो तपासून बघायची तिला कधी गरज वाटली नाही.

पण सगळ्यात मोठे वेड म्हणजे ती चौकट. कुणाचे तरी जुने घर पाडले तेव्हा सुभेदारांनी दाराची एक फणसाची चौकट उचलून आणली आणि आपल्या खळ्याच्या, म्हणजे पुढच्या अंगणाच्या, मधोमध, दोन्ही बाजूंना टेकू देऊन उभी केली. भिंत नाही, दार नाही, छप्पर नाही, नुसती उंबऱ्यासकट चौकट. कोंबड्या तिच्यातून जात, वारा तिच्यातून जाई, आणि खारेपाटणपासून दोडामार्गापर्यंतचे माजी सैनिक तिच्यातून जात. सुभेदार जाऊन आता बराच काळ झाला. चौकट अजून तिथेच आहे, त्यांच्या मुलीने तिच्यावर दोडकी चढवली आहेत.

चौकटीचे कारण त्यांनी मला फार पुढे सांगितले, पण काम पहिल्याच दिवशी कळले. मी गेलो तेव्हा जामसंड्याचे एक निवृत्त नाईक, फेरतपासणीच्या डॉक्टरांपुढे कसे जायचे ते शिकायला आले होते. गुडघा बर्फात कामाला आलेला. फाटकापासून खळ्यापर्यंत बिचारे एका अंगावर झुकत, दात आवळत आले. चौकटीपलीकडे सुभेदार खुर्चीवर बसले होते, चेहरा असा की आत्ता कर्नल होऊन आलेत. नाईकांनी उंबऱ्यावर पाय ठेवला मात्र, छाती पुढे, मान ताठ, दोन पावले खाडकन टाकून सावधान!

"कसो आसा गुडघो?"

"ठीक है साब!"

सुभेदारांनी कपाळावर हात मारून घेतला. "मेल्या, हयच मेलो तुझो गुडघो! भायर लंगडतंस, आत इलंस की शेप वन! डॉक्टरान काय तुझ्या मागसून फाटकापर्यंत येवचां? जा, परत ये."

नाईक परत गेले, परत आले, परत ताठ झाले. ऊन चढेपर्यंत हे चालले. जन्मभर साहेबाच्या दारात शिरताना जे अंगात मुरले ते काढायला फार वेळ लागतो. शेवटी एकदाचे ते जसे फाटकातून आले तसेच उंबऱ्यावरूनही आले, झुकत, दात आवळत, आणि सुभेदार म्हणाले, "शाबास. जितक्या आसा तितक्याच. वायच जास्त नाय, वायच कमी नाय."

यातला 'वायच जास्त नाय' हा भाग लोक विसरत. एकदा एकजण रिक्षातून टुणकन उडी मारून उतरला, सुट्या पैशांवरून रिक्षावाल्याशी भांडला, आणि चौकट दिसताच पाय ओढायला लागला. सुभेदार सगळे बघत होते. त्यांनी त्याला आत येऊ दिले, पाणी दिले आणि म्हणाले, "आता रिक्षातसून उतरलंस तसोच चलत भायर जा." तो माणूस नंतर बाजारभर सांगत फिरला की म्हातारा एस फाइव आहे.

हा म्हातारा चुकत नसे असेही नाही. डॉक्टर अमुकच विचारणार असे ते छातीठोकपणे सांगत आणि डॉक्टर भलतेच विचारत. स्वतःच्या डोळ्यांना त्यांनी ई वन दिला होता. एका संध्याकाळी ते स्वतःच्याच चौकटीवर जाऊन आदळले, कपाळाला टेंगूळ आले, आणि त्यांनी सगळ्यांना पटवून दिले की चौकट हलली होती.

आता माझे. मी तोफखान्यात होतो. हल्ली माझी पिठाची गिरण आहे आणि तो माझ्यासाठी फार चांगला धंदा आहे, कारण गिरणीत सगळेच ओरडून बोलतात. बहिरा म्हटले की लोकांना वाटते, याला काहीच ऐकू येत नसणार. मला समुद्र ऐकू येतो, ट्रक ऐकू येतो, माणसाचा आवाजसुद्धा येतो. त्यातले शब्द येत नाहीत. अर्धे वाक्य कानात शिरते, उरलेले अर्धे मी पदरचे घालतो आणि मान हलवतो. फौजेत दिलेला हुकूम पुन्हा विचारणे म्हणजे शिव्या खाणे. म्हणून 'हां साब' म्हणायचे आणि शेजारचा काय करतो ते बघून करायचे. माझे पुष्कळ दिवस असे बिनबोभाट गेले.

निवृत्तीच्या आधी मला वैद्यकीय मंडळापुढे उभे केले. काय बिघडले, किती बिघडले आणि ते नोकरीमुळे बिघडले का, हे तिथे ठरते. डॉक्टर मान खाली घालून लिहीत होते. लिहिता लिहिता त्यांनी काहीतरी विचारले. मला ऐकू आले, "तकलीफ... से है?" मी मधली जागा भरली. तोफखान्यातला माणूस दुसरे काय भरणार? फायरिंग से है. मी खणखणीत सांगितले, "हां साब!"

त्यांनी विचारले होते, "तकलीफ बचपन से है?"

निकाल घरी आला तेव्हा मला हे कळले. दोन्ही कान अधू, लहानपणापासून, सेवेशी संबंध नाही. नेहमीची पेन्शन मला मिळणारच होती, तिला धक्का नव्हता. पण त्या एका ओळीचा अर्थ असा होता की मी भरतीच्या वेळी अधू कान लपवून शिरलो, आणि इतकी वर्षे तोफेपाशी उभा राहून तोफेने माझे काही केलेच नाही. मला राग आला. तोही मी गिळला असता. आईचे जे झाले ते मला गिळता येईना.

आमच्या वाडीत तान्ह्या पोरांची दुखणी आईकडे येत. पोट दुखले, दात येताना रडले, कान ठणकला, की बाया तिच्याकडे धावत. कानाला ती खोबरेल तेलात लसणीची पाकळी कढवून, कोमट करून थेंब घाली. मलाही लहानपणी घातलेले. माझा निकाल बायकोने मोठ्याने वाचला तेव्हा आई चुलीपुढे होती. 'लहानपणापासून' हा शब्द तिने ऐकला. दुसऱ्या दिवशी शेजारीण कान धरून रडणारी नात घेऊन आली, तर आईने तिला दारातूनच परत पाठवले. "डॉक्टराकडे ने गो. माझ्या हाताक गुण नाय," म्हणाली. मग कुणी आलेच तर ती परसात निघून जाई. खूप खनपटीला बसलो तेव्हा एकदा म्हणाली, "तेल ऊन होता आसताला. मीच तुझे कान जाळलंय."

मी हजार वेळा समजावले, तोफेने गेले, तुझ्या तेलाने नाहीत. ती म्हणे, "तू माझो झिल. तू तसाच सांगतलंस." सरकारी कागदाने सांगितलेले मुलाच्या तोंडाने पुसले जात नाही. म्हणून मी ठरवले की अपील करायचे, दुसऱ्या डॉक्टरांकडून तपासून घ्यायचे, आणि जिथून तो शब्द आला तिथूनच तो परत घ्यायला लावायचा. आणि आजवर ज्यांना हसत होतो त्या शेपवाल्यांच्या खळ्यात गेलो.

सुभेदारांनी सगळे ऐकून घेतले. आईचे सांगितले तेव्हा त्यांनी खुर्ची माझ्या जवळ ओढली.

"तुझो कान माका बरो करूक येवचो नाय," ते म्हणाले. "तुझी मान बरी करूया."

मला चौकटीच्या अलीकडे उभे केले आणि स्वतः पलीकडे बसून तोंडासमोर सूप धरले, म्हणजे मला ओठ दिसू नयेत. बायको माझ्याबरोबर आली होती, ती तुळशीपाशी उभी होती. सुपामागून घोगरा आवाज आला. मला काहीतरी 'भरती' असे वाटले.

"हां साब."

पुन्हा आवाज आला.

"हां साब."

तिसऱ्यांदा आवाज आला आणि मी 'हां साब' म्हटले तोच बायको तुळशीकडून तरातरा आली. "खंय पळान गेलंय मी? कोणावांगडा? सांगा बघूया!"

सुभेदारांनी सूप खाली घेतले. त्यांनी विचारले होते, तू म्हशीवर बसून भरतीला गेलास काय, तू सरपंचाचा जावई काय, आणि तुझी बायको पळून गेली काय. तिन्हींना मी फौजी इमानदारीने होकार दिला होता.

"बघलंस?" ते बायकोला म्हणाले. "असोच हो आपले कान देवन इलो."

मग रोज संध्याकाळी गिरण बंद करून मी खळ्यात जाऊ लागलो. शिकायचे एकच वाक्य होते, साब, सुनाई नहीं दिया. म्हणायला सोपे आहे. पण ते तोंडात आले की माझ्या पाठीतून घाम फुटे. एकदा म्हणता येई, दुसऱ्यांदा लाज वाटे, तिसऱ्यांदा मान आपसूक हले. मान हलली की सुभेदार सूप आपटत. "तिसऱ्यांदाच खरी परीक्षा! पयल्यांदा कोणय सांगता!" एके दिवशी त्यांनी एकच प्रश्न इतक्या वेळा विचारला की त्यांचा घसा बसला, आणि मी प्रत्येक वेळी सांगितले, सुनाई नहीं दिया. मग त्यांनी सूप बाजूला ठेवले, चौकटीतून माझ्यापुढे आले आणि तोंडासमोर तोंड आणून हळूच विचारले, "च्या घेतलंस?" मला सगळे ऐकू आले. मला रडू आले, कशाला ते अजून सांगता येत नाही.

अपील दाखल करून घेतले गेले आणि पुण्याला तपासणीचे बोलावणे आले. सुभेदार बरोबर निघाले. त्यांना आत कुणी सोडणार नव्हते, काम काहीच नव्हते. बसमध्ये मी त्यांना मनात सलत होते ते विचारले. डॉक्टरांनी लहानपणाचे विचारले तर तेलाचे सांगायचे की नाही? सांगितले तर ते म्हणतील, बघा, लहानपणापासूनच कानाचे दुखणे होते. आणि आई म्हणते तेच खरे ठरेल.

"इचारल्यानी तर सांगूचा."

"आणि त्येच्यावरच बुडालंय तर?"

"तर खरां सांगान बुडलंस. चौकट एका बाजूक लावची आणि दुसऱ्या बाजूक काढची, असा माझ्याकडे नाय."

थोड्या वेळाने, मी न विचारता, ते खिडकीकडे बघत म्हणाले, पण मग मला शब्द कळावेत म्हणून वळून तोंडासमोर पुन्हा म्हणाले, "मी दारात उभो रवी. दाराभायर पोरगे लंगडत येत. आत गेले की 'ठीक है साब'. माका सगळा दिसा. बोलाचो हुकूम नाय होतो. आता हुकूम देवक कोण नाय, म्हणान चौकट घातलंय."

एवढेच. ते कधी याहून जास्त स्वतःबद्दल बोलले नाहीत.

तिथल्या डॉक्टर बाई होत्या, आवाजाने बारीक. मला वाटले, संपले. यंत्रावरच्या तपासण्या झाल्या आणि त्यांनी कागदात बघत काहीतरी विचारले. मला शेवटचा 'था' तेवढा आला. मान हलायला निघाली होती. मी ती धरली.

"मैडम, सुनाई नहीं दिया."

त्यांनी पुन्हा विचारले. सुनाई नहीं दिया. तिसऱ्यांदा त्यांनी जरा मोठ्याने विचारले. पाठीला घाम आला, आणि मी सांगितले, "मैडम, सुनाई नहीं दिया." त्या थांबल्या. त्यांनी पेन खाली ठेवले, खुर्ची सरकवून माझ्या समोर आल्या आणि चेहऱ्याकडे बघून सावकाश विचारले, "बचपन में कान बहता था?"

"नहीं मैडम. ठंडी में दर्द होता था. माँ तेल डालती थी, लहसुन का."

त्यांनी दुर्बीण घेतली आणि दोन्ही कानांत बराच वेळ बघितले. मी छातीचे ठोके मोजले असते, पण तेही मला नीट ऐकू येत नाहीत. मग त्या पुन्हा समोर बसल्या. म्हणाल्या, पडदे साबूत आहेत, दोन्ही. तेलाने बिघडले असते तर पडद्यावर खूण दिसली असती. तुमचे बिघडले आहे ते पडद्याच्या पलीकडे, आत. हे मोठ्या आवाजाने होते. आणि तुम्ही भरती झालात तेव्हा तुमचे कान तपासूनच घेतले होते, तेव्हा ते बरोबर होते. त्यांनी मला इतके नीट समजावले की आधीच्या डॉक्टरांवरचाही माझा राग थोडा उतरला. ते वाईट नसतील, त्यांनी मान वर केली नाही आणि मी खाली केली, एवढेच.

बाहेर सुभेदार दाराच्या बाजूला उभे होते. बाकडे रिकामे होते, तरी उभेच.

घरी येऊन मी आईला डॉक्टर बाईंचे सगळे सांगितले. तिने ऐकले आणि म्हणाली, "बरां. जेव आता." माझ्या तोंडून आलेले ते, त्याची किंमत तिच्या लेखी तीच. मग निकालाची वाट बघणे सुरू झाले. ते लांबत गेले, सुभेदारांचा घसा खोकल्याने कायमचा बसला, पण माझी उजळणी त्यांनी थांबवली नाही. निकाल उलटा आला तर पुढचे अपील आणि पुढची तपासणी आहेच, म्हणायचे. त्यांच्या बोलण्यात 'हरलो' या शब्दाची सोयच नव्हती.

निकाल आला तो आमच्या बाजूने. कानांची हानी सेवेमुळे झाली आहे, असे स्वच्छ लिहिलेले. मी गिरण चालू टाकून खळ्यात धावलो. सुभेदारांनी वाचले आणि मला वाटले, आता ते पाठ थोपटतील. ते आत गेले आणि इस्त्रीची विजार, बूट, कोट घालून बाहेर आले. "चल," म्हणाले.

"खंय?"

"अपील काय तुझा नाय होता."

आमच्या घरी आई ओटीवर तांदूळ निवडत होती. एवढे बूटबिट बघून ती घाबरली आणि पदर सावरून उभी राहिली. सुभेदार तिच्यासमोर ताठ उभे राहिले आणि कचेरीतल्या मराठीत, बसलेल्या घशाने म्हणाले, "आपल्याला कळवण्यात येते की आपले चिरंजीव सैन्यात दाखल झाले त्या वेळी त्यांचे दोन्ही कान निर्दोष होते. नंतर झालेली हानी केवळ सेवेमुळे झालेली आहे."

आईला त्यातले काय कळले देव जाणे. तिने हातातले सूप पोटाशी धरले. "म्हणजे," ती म्हणाली, "तेलान नाय?"

सुभेदार कुणाच्या घरी कधी बसत नसत. ते आमच्या ओटीच्या पायरीवर, कोटाबिटासकट, खाली बसले आणि त्यांचा आवाज एकदम घरातला झाला.

"नाय गे वैनी. तेलान नाय. तोफेन."

"खरां?"

"खरां. सरकारान लिवन दिल्यान."

आईने सूप खाली ठेवले. माझ्याकडे आली. आणि मी पन्नाशीला पोचलेला गिरणवाला, तिने माझे दोन्ही कान दोन हातांत धरले, माझे तोंड आपल्या तोंडासमोर आणले आणि सगळ्या वाडीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "माझ्याकडसून गेलंस तेवा तुझे कान बरे होते!"

मला प्रत्येक शब्द ऐकू आला.